नखाखालचा दाणा

आज पुकारलेला आकडा : बारा

शहाणे,

नदीपलीकडे तुझ्या आत्याच्या घरी टपाल पोचतं हे मला पक्कं माहीत आहे. टपालवाला आमच्या ताईचा दीर आहे आणि तो सांगतो की पत्र तू स्वतः हातात घेतेस. तेव्हा ‘मिळालंच नाही’ हा बहाणा नको.

बातमी अशी की मी नोकरीला लागलो. कुठे, ओळख. अंकघरात! वरच्या मजल्यावर, गाद्यागिरद्यांवर बसून माळेचे अर्थ लावणाऱ्यांत नव्हे. खाली, खड्ड्यात. थोरलीची लाळ ओढायला.

कॉलेजच्या भिंतीवर थोरलीचं ते सोनेरी कडेचं चित्र होतं ना, ज्यात ती पहुडलेल्या ढगासारखी दिसते? तो चित्रकार खाली कधी उतरला नसणार. थोरली म्हणजे खोलीभर पसरलेलं एक करडं, ओलं पोट. डोळे नाहीत, मान नाही. तोंड आहे, ते मात्र भरपूर. सकाळी तिला उचक्या लागतात, सगळं अंग गदगदा हलतं आणि मग आख्ख्या गावाचं नशीब बदाबदा बाहेर पडतं. कोमट, पिवळट, तारा सुटणारं. त्यात ते काळे दाणे. मी फावड्याने लाळ ओढतो, बायका चाळणीत दाणे धुतात, मोजतात, आणि वर सज्जात उभा असलेला पुकाऱ्या मधाच्या पाण्याने गुळण्या करून असा आकडा पुकारतो, जणू तो त्याच्याच पोटातून आला.

आणि या ओकारीवर गाव चालतं. शी!

तू वर्गात पहिली यायचीस, तुला पाठ आहे सगळं. पण मला ते पुन्हा एकदा लिहू दे, कारण लिहिलं की त्याचा बावळटपणा जास्त दिसतो. रोज पडणाऱ्या दाण्यांची संख्या म्हणजे त्या दिवसाचा आकडा, आणि एकामागून एक ओवलेले आकडे म्हणजे माळ. ज्या दिवशी जो आकडा, तो त्या दिवशी जन्मलेल्यांचा. तुझा चौतीस, माझा सत्तावन्न. आज एक आकडा आला आणि उद्या दुसरा, की उद्याच्या आकड्याचा माणूस आजच्या आकड्याच्या दारात जाऊन हात मागू शकतो. त्याला दारातून परत पाठवायची सोय नाही. आणि छप्पन्न ओसाड. छप्पन्न आला की माळ तुटते. ज्यांची बांधणी, म्हणजे लग्न, व्हायचं आहे अशा सगळ्या जोड्या मोकळ्या, सगळे हक्क रद्द, आणि त्या दिवशी जन्मलेलं मूल बिनआकड्याचं. आई मला अजून चिडवते, “एक दाणा कमी पडला असता तर तू कुणाचाच राहिला नसतास.”

चौतीसच्या मागून एकोणसत्तर आला. गावात बिनलग्नाचा एकोणसत्तर एकच, काचवाल्याचा तो गुळगुळीत मुलगा. तो आला, तुझ्या दारात उभा राहिला, आणि तू मान खाली घालून ‘हो’ म्हणालीस. माझ्यासाठी निरोपसुद्धा ठेवला नाहीस. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. त्या दिवशी तुमच्या अंगणातल्या कुंड्या मी फोडल्या हे खरं, पण कुंड्याच त्या. तुझ्या बाबांना मी जे बोललो ते त्यांनी आधी ऐकून घ्यायला हवं होतं.

आणि त्याच्याही आधी कॉलेजच्या फाटकापाशी मी तुझं मनगट धरलं, त्याचं तुला अजून काही वाटत असेल तर कमाल आहे. तू निघून चालली होतीस, मी थांबवलं, एवढंच.

बांधणी हंगामाच्या शेवटी आहे. म्हणजे वेळ आहे. चौतीसच्या मागून सत्तावन्न आला, तर जुनी जोडी रद्द आणि नवा हक्क माझा. पाहत राहा.

तुझा (तू मान नाहीतर नको मानूस)

आज पुकारलेला आकडा : एकशे तीन

शहाणे,

आई मला घरात घेत नाही. अंगणात बादली, साबण आणि ताट ठेवते. मी म्हटलं, “अगं आई, तुझा माळेवर विश्वास आहे ना? मग थोरलीच्याच वासाचं वावडं कसलं?” ती म्हणाली, “आधी काखा घास, मग अक्कल पाजळ.” ताई खिडकीतून हसत होती. हसू दे.

आज आपले सर खड्ड्यात आले होते. पहिल्या वर्षाची पोरं घेऊन, नाकाला रुमाल लावून, पायऱ्या संपायच्या आधीच थांबले. तिथूनच सांगायला लागले, “दोन आकड्यांमधल्या अंतरात थोरलीचं मौन असतं.” मी फावडं टेकून उभा. मला पाहून त्यांचा रुमाल जरा खाली आला.

“तू इथे?”

“हो सर. मौन उपसतोय.”

पोरं फिदीफिदी हसली. सर वळले आणि गेले. तुला आठवतं, मी वर्गात विचारलं होतं की थोरली आजारी पडली आणि भलतेच दाणे ओकली तर? ते म्हणाले होते, “थोरली आजारी पडत नाही, माळ गंभीर होते.” त्यावर मी त्यांची छडी खिडकीबाहेर फेकली आणि कॉलेज सोडलं. तू तेव्हा हसली नव्हतीस. सगळा वर्ग हसला, तू पुस्तकात बघत होतीस. मला वाटलं, तू मनातल्या मनात हसतेयस.

आता मुद्द्याची गोष्ट. दाणे मोजायचे ते बिनआकड्याच्या माणसांनीच, कारण त्यांना कुठल्या आकड्यात स्वार्थ नाही. गावात तशा दोनच बायका उरल्यात. दुसरी जवळजवळ आंधळी. खरी मोजणारी एकच, तिला सगळे मावशी म्हणतात. जाडजूड बाई, आवाज फाटका, मला हाक मारते ‘कॉलेज’.

“ए कॉलेज, ओढ ना ती लाळ, का तिच्यात प्रतिबिंब बघतोयस?”

मावशी मोजते कसं, ते मी आज जवळून पाहिलं. फुटका दाणा मोजायचा नाही, एवढाच नियम. पण फुटका कोणता? तर प्रत्येक दाणा अंगठ्याच्या नखाखाली धरायचा आणि दाबायचा. दबला तर फुटका, टाकून द्यायचा. नाही दबला तर अख्खा. लक्षात येतंय का तुझ्या? हळू दाबलं तर सगळे अख्खे. जोर लावला तर वाटेल तेवढे फुटतात, आतून काळपट चिकट रस येतो, कुजलेल्या लिंबासारखा. म्हणजे तुझं, माझं, त्या काचवाल्याचं, सगळ्या गावाचं नशीब एका बाईच्या अंगठ्यात!

मी म्हटलं, “मावशी, हे तर तुम्हीच ठरवता.”

ती दचकली नाही. “मी कशाला ठरवू? अंगठा दाबतो. अंगठ्यात थोरलीच असते.”

“आणि छप्पन्न आला तर?”

“येऊ देत नाही. एक दाबायचा आणि पंचावन्न सांगायचा. शेवटचा छप्पन्न माझ्या जन्माच्या दिवशी पुकारला. तेव्हा मोजणारी होती तिला लोकांनी इथे खाली लाळेत उभी केली होती, कमरेपर्यंत. मोडलेल्या लग्नांची माणसं होती ती. त्या बाईचे पाय पुढे कधी सरळ झाले नाहीत.”

आणि तरी ही बाई रोज सकाळी थोरलीच्या अंगावर हात फिरवून नमस्कार करते. मला किळस आली. वासाने नव्हे. वासाची सवय होते.

मावशीचा अंगठा पिकलाय. नखाखाली रस गेलाय, सुजून टोमॅटो झालाय. हे मी उगीच सांगत नाही.

तुझाच

आज पुकारलेला आकडा : चौतीस

शहाणे!!

ऐकलास ना आकडा? नदीपलीकडे आकड्याच्या घंटा पोचतातच. तुझा आकडा. आणि तो मी काढला. या हाताने.

मावशीला अंगठा टेकवत नव्हता. दुसऱ्या बाईला दिसत नाही. वर पुकाऱ्याच्या गुळण्या चालू झालेल्या. मावशी माझ्याकडे बघून म्हणाली, “तुला आकडा आहे, तू हात लावायचा नाही. पण लाव. तोंड बंद ठेव.” मी चाळणीपाशी बसलो. दाणे चाळीसच्या वर होते. मी जपून, अगदी सज्जनासारखा चेहरा करून, चौतीसच्या वरचे सगळे फोडले. मावशीने चाळणीत डोकावून पाहिलं आणि मग माझ्याकडे पाहिलं. आकडा वर गेला.

तुला सांगतो, इतकं सोपं आहे की लाज वाटते. लाज माझी नव्हे, गावाची. पुकाऱ्याने “चौऽऽतीस” असा गळा काढला आणि खाली रस्त्यावर बायका एकमेकींना कोपरं मारायला लागल्या. एक म्हातारा रडला. एका सावकाराने दुकान बंद केलं. कशासाठी? मी अंगठा दाबला म्हणून! आंधळं दळतं आणि कुत्रं पीठ खातं म्हणतात, इथे आख्खं गाव पिठात लोळतंय.

उद्या सत्तावन्न. गेले काही दिवस दाणे भरपूर पडतायत, सत्तावन्नच्या वर असतील तर बाकीचे फोडायला कितीसा वेळ? मग मी नदी ओलांडून आत्याच्या दारात येणार. तुझ्या बाबांना बोलावून ठेव. काचवाल्याच्या पोरालाही बोलाव हवं तर. मला त्याचा चेहरा पाहायचाय. त्यांच्याच माळेने त्यांचं नाक कापणार आहे मी.

आणि तू नाही म्हणू शकणार नाहीस. नियमच आहे.

उद्या भेटू.

तुझा, आता हक्काने

तोच चौतीस. संध्याकाळ

तुला,

सकाळचं पत्र टपालात टाकलंय, परत मिळत नाही. ताईच्या दिराकडे मागितलं तर तो म्हणाला, “पेटीत पडलं ते सरकारचं.” तेव्हा ते तुला मिळेल आणि हेही मिळेल. आधी ते वाचशील, याचंच मला वाईट वाटतंय.

काम संपल्यावर मी फावडं धूत होतो. शीळ घालत होतो. मावशी अंगठा गरम पाण्यात बुडवून बसली होती. म्हणाली, “कॉलेज, उद्या कुणाचा आकडा काढणार आहेस?”

मी म्हटलं, “काढणार? अंगठ्यात थोरली असते ना?”

“चावटपणा नको. चौतीसवाली पोरगी तुझीच ना, जिच्या नावाने शीळ घालतोस?”

मी म्हटलं हो, माझीच.

“ती आली होती इथे.”

मी फावडं ठेवलं.

“मागे चौतीस आला होता, त्या दिवशी संध्याकाळी. या पायऱ्यांवरून घसरत आली. कपडे लाळेने भरले. अशी पोर मी खाली उतरलेली कधी पाहिली नाही. म्हणाली, मावशी, उद्या सत्तावन्न येऊ देऊ नका. काहीही येऊ दे, तो नको. मी म्हटलं, बाई गं, मी कोण येऊ देणारी? तर म्हणाली, मी हिशेब करून पाहिलाय, इतक्या वेळा छप्पन्न न येणं शक्यच नाही. खाली कुणीतरी ठरवतंय. पहिल्या नंबराची होती का रे ती?”

मी मान हलवली.

“मी विचारलं, मग कोण हवा? म्हणाली, कोणीच नको. पण कुणीतरी मागे आला नाही तर तो सोडणार नाही. शेवटी म्हणाली, काचवाल्याकडचा एकोणसत्तर. मी विचारलं, आवडतो तुला? तर म्हणाली, ओळखसुद्धा नाही. हळू बोलतो, एवढंच माहीत आहे.”

मला काहीतरी बोलायचं होतं. मोठ्याने बोलायचं होतं. तोंड उघडलं आणि त्या ‘हळू’ शब्दाने ते मिटलं.

“मनगटावर वळ होते तिच्या,” मावशी म्हणाली. “निळे. मी विचारलं तर म्हणाली, फाटकात हात अडकला. फाटकाला बोटं असतात का रे, कॉलेज?”

मग तिने तुझं शेवटचं वाक्य सांगितलं. “मी नको म्हटलं तर त्याला ऐकू येत नाही. थोरलीने म्हटलं तर येईल.”

इतके दिवस मला थोरलीची किळस यायची. माळेची, सरांची, पुकाऱ्याच्या गुळण्यांची, गावाची. आत्ता मी अंगणात बादलीपाशी बसलोय. हात कोपरापर्यंत घासले, माती लावून घासले. आई दारातून म्हणाली, “अरे, सोलशील!” वास जात नाही. तो थोरलीचा नाही.

थोरलीचंही म्हणणं मी ऐकलं नाही, हे तुझ्या लक्षात आलं असेल. कुंड्या फोडल्या. पत्रं लिहिली. उत्तर आलं नाही तरी लिहिली.

उद्या मी काहीही करणार नाही. मावशीचा अंगठा बरा नाही, म्हणून मोजायला मलाच बसावं लागेल, पण हलकं दाबेन, नियमाने. येईल तो येईल. माझ्यापुरती तू मोकळी आहेस.

सत्तावन्न

आजचा आकडा तुला कळलाच असेल

तुला,

घंटा ऐकून तिकडे काय झालं असेल याचा विचार करतोय. इकडे काय झालं ते सांगतो, म्हणजे गावभर उडतायत त्या थापांवर तुला विसंबावं लागणार नाही.

थोरलीला उचक्या लागल्या. ओकली. आज कधी नव्हे ती स्वच्छ ओकली, लाळ पाण्यासारखी. मी दाणे धुतले आणि एकेक नखाखाली धरला. हलकंच दाबलं, मावशी समोर बसून पाहत होती. एकही फुटला नाही. सगळे टणक, चकचकीत. मी मोजले. मग पुन्हा मोजले. मग मावशीला म्हटलं, तुम्ही मोजा. तिने डाव्या हाताने मोजले आणि तिचा चेहरा उतरला.

सत्तावन्न.

खरे. कुणी न दाबलेले. जन्मात या थोरलीने मला एकच गोष्ट दिली, तीही ओकून, आणि नेमकी आज.

खोटं सांगत नाही, त्या क्षणी माझ्या मनात पहिलं काय आलं ते तुला ऐकवत नाही. तू ओळखशील. चाळण हातात होती. नियम माझ्या बाजूने, थोरली माझ्या बाजूने, आणि दुपारपर्यंत मी तुझ्या दारात. तू मान खाली घातली असतीस. तीच मान मला दिसली, वर्गात पुस्तकात घातलेली. तू तेव्हा मनातल्या मनात हसत नव्हतीस.

मावशी म्हणाली, “दोन काढ. पंचावन्न सांगू.” पंचावन्नवाले दोन बिनलग्नाचे आहेत गावात, एक सरांचा पुतण्या आणि दुसरा तो खाटीक. कुणीतरी तुझ्या दारात आलाच असता. आणि कितीही काढले तरी तिथे कुणीतरी उभा राहणारच. सत्तावन्नच सांगितला तर मी न येताही हक्क माझाच राहतो. फक्त एका आकड्याला दार नाही.

मी एक दाणा उचलून खिशात टाकला.

“मूर्खा,” मावशी म्हणाली, “ते तुला लाळेत उभा करतील.”

“तुम्ही वर जा. तुम्ही आज आलाच नव्हता. अंगठा पिकलाय, सगळ्यांना माहीत आहे.”

पुकाऱ्याने आकडा ऐकला आणि त्याच्या घशातलं मधाचं पाणी नाकातून बाहेर आलं. म्हणाला, “मी नाही पुकारणार, माझ्या भाच्याची बांधणी आहे या हंगामात!” तेव्हा मीच सज्जात गेलो. ओरडायची सवय आहेच मला, तुला काय सांगायचं. आयुष्यात पहिल्यांदा ती कामी आली. “छप्पन्न! मी मोजले, सत्तावन्नवाल्याने मोजले!”

मग जो गलका उठला! सासरे ओरडत होते, कुणी छाती बडवत होतं. पण शहाणे, मी वरून पाहिलं, लोहाराच्या गल्लीच्या तोंडाशी एक मुलगी भिंतीला पाठ लावून तोंडावर पदर धरून उभी होती. मला वाटलं रडतेय. पदर सरकला तेव्हा दिसलं, हसू आवरत नव्हतं तिला.

त्यांनी मला खाली नेऊन लाळेत उभा केला. कमरेपर्यंत. ती कोमट असते आणि आत काहीतरी हळूहळू हलत असतं, जास्त लिहीत नाही, तू जेवली असशील. पुकाऱ्याचा मेहुणा सगळ्यात जास्त शिव्या देत होता, “तुझ्यासारखे छप्पन्न पाहिलेत!” असं म्हणाला आणि स्वतःच चपापला. पुढे दुपार झाली, लोकांना भुका लागल्या, एकेक करून सगळे घरी गेले. नशीब मोडलं तरी जेवण मोडत नाही. माझे पाय सरळ आहेत.

शिक्षा म्हणून वरच्या मजल्यावाल्यांनी माझा आकडा काढून घेतला. सत्तावन्न आता माझा नाही. मी कुणाच्या मागे येऊ शकत नाही, कुणी माझ्या मागे येऊ शकत नाही. आईने हे ऐकलं आणि पहिल्यांदा मला आंघोळ न करता घरात घेतलं. नाकाला पदर मात्र लावला.

मावशी म्हणते, “बरं झालं. आता कायद्याने चाळणीवर बस.” बसणार आहे. हलकं दाबायचं ठरवलंय. रोज. छप्पन्न पडला तर छप्पन्न पुकारला जाईल, लाळेची आता मला भीती नाही.

तुझी जोडी मोडली. काचवाल्याचा मुलगा तुला अजूनही बरा वाटला तर त्याला तू स्वतः तसं सांग. तो हळू बोलतो, म्हणजे ऐकतही असेल. कुणीच नको असेल तर तेही आता चालतं. मी नदी ओलांडणार नाही.

पाकिटात एक दाणा आहे. तो सत्तावन्नावा. तीन पाण्यांनी धुतलाय, तरी वास येईल, त्याला माझा इलाज नाही. तुझ्याजवळ असू दे असं म्हणत नाही. फक्त तो माझ्याजवळ नको. किळस आली तर नदीत टाक.

उत्तर आलं नाही, तर तेच उत्तर समजेन.

बिनआकड्याचा